पहिल्या गुन्ह्याला बाँड म्हणजे चोरी माफ नव्हे

तालुका_वकील
काल इथे एकाने लिहिलं, "दुकान फोडणाऱ्या पोराला कोर्टाने बाँडवर सोडलं, आता प्रत्येकाला एक चोरी माफ." खाली सगळ्यांनी माना डोलावल्या. राहवलं नाही म्हणून लिहितोय.

बावीस वर्षं तालुका कोर्टात फौजदारी करतोय. माफ काही होत नाही. 1958 च्या परिवीक्षा म्हणजे प्रोबेशनच्या कायद्यात आधी गुन्हा शाबीत होतो, मग कलम 4 खाली चांगल्या वर्तणुकीचा बाँड, म्हणजे लेखी हमी, जास्तीत जास्त तीन वर्षांची. मध्ये घसरला तर मूळ गुन्ह्याची शिक्षा भोगायला लागू शकते. पोरगा 21 च्या आतला असेल आणि गुन्हा जन्मठेपेचा नसेल, तर जेलमध्ये का पाठवतोय याची कारणं न्यायाधीशाला लिहावी लागतात. पहिल्यांदा चुकलेल्या पोराला सराईतांच्या बरॅकमध्ये टाकून गावाचं काय भलं होतं?

किराणा_कोपरा
ते लिहिणारा मीच. गल्ल्यातले अकरा हजार आणि तेलाचे डबे गेले. शटरची खालची पट्टी अजून वाकडी आहे, रोज रात्री पायाने दाबून कुलूप लावतो. साक्षीसाठी पाच वेळा दुकान बंद ठेवलं. त्याला सोडताना मला कोणी विचारलं?

तालुका_वकील
कलम 5 आहे ना. सोडताना कोर्ट त्याला नुकसानभरपाई द्यायला लावू शकतं. सरकारी वकिलांनी मागितली नाही?

किराणा_कोपरा
सरकारी वकील मला ओळखतसुद्धा नाहीत! कलमं तुम्हाला पाठ, भोगायचं आम्ही.

रिक्षावाला_सांगली
काका, तुमचा राग कळतो. माझ्या धाकट्या भावाने एकोणिसाव्या वर्षी मोबाईल चोरला. चोरलाच, लपवत नाही. जामीनदार मिळेना म्हणून साडेचार महिने आत. पहिल्या मुलाखतीला जाळीपलीकडे नुसता रडत होता. चौथ्या वेळी हसत होता, बरॅकमधल्या 'भाईं'ची नावं घेत होता. त्या दिवशी आई घरी येऊन जेवली नाही.

पण वकीलसाहेब, तुमचा बाँड निकालाच्या वेळी येतो. देशात चार कैद्यांत तीन कच्चे कैदी. निकालाआधीच आत सडतात त्यांना तुमचा कायदा काय कामाचा?

तालुका_वकील
तिथे या कायद्याचा उपयोग नाही, हे मान्य करावं लागतं.

कोथरूडकर
गरिबाचं पोर आत, आणि पुण्यात कल्याणीनगरला? मे 2024 मध्ये पोर्शेखाली दोघं गेले आणि सतरा वर्षांच्या पोराला 300 शब्दांचा निबंध! हेच ना तुमचं प्रोबेशन?

तालुका_वकील
नाही हो. ती बालन्याय मंडळाने घातलेली जामिनाची अट होती. ना शिक्षा, ना प्रोबेशन.

कोथरूडकर
मेलेल्याच्या घरच्यांना तो फरक सांगा. माझ्या मावसभावाला डंपरने उडवलं. चपला रस्त्याच्या दोन टोकांना पडल्या होत्या, मी उचलल्या. त्या ड्रायव्हरचाही पहिलाच गुन्हा. सोडायचा?

तालुका_वकील
नाही. दलबीर सिंग खटल्यात 2000 साली सुप्रीम कोर्टाने सांगितलंय, बेदरकार गाडी चालवून जीव घेणाऱ्याला हा फायदा देऊ नये. मला ते पटतं.

मुक्ता_नाशिक
मला नाही पटत. ड्रायव्हरला झोप न देता खेपा मारायला लावणारा मालक बाहेरच राहतो. माझे वडील ट्रक चालवायचे. रात्रभर जागायला बिडी आणि चहा, आणि उशीर झाला की भाड्यात कपात. आधी मालकाला धरा.

कोथरूडकर
माझ्या भावाच्या मढ्यावर मालकाचा विषय नको, ताई. ब्रेक ड्रायव्हरच्या पायाखाली होता.

मुक्ता_नाशिक
तुमचं दुःख मोठं आहे, मी कमी लेखत नाही. पण फक्त ड्रायव्हर आत गेला तर दुसऱ्या दिवशी त्याच डंपरवर दुसरा बसतो. तोही न झोपलेला.

कोथरूडकर
मग दोघांनाही आत टाका! एकाला तरी सोडा असं मला सांगू नका.

निवृत्त_परिवीक्षा
डंपर बाजूला ठेवा थोडा वेळ. मी महिला व बालविकास खात्यात परिवीक्षा अधिकारी होतो. अहवालासाठी पोराच्या घरी जायचं, शेजारी, शाळेचे मास्तर, कामावरचा मुकादम, सगळ्यांशी बोलायचं. हाताखाली कितीतरी तालुके, वर बालकल्याण समितीची कामं, पेट्रोल खिशातलं. तीन वर्षांच्या बाँडवरच्या एका पोराला मी दोनदा भेटलो. दोनदाच! त्याला देखरेख म्हणायला जीभ रेटत नाही. तेव्हा किराणावाले म्हणतात त्यात तथ्य आहे. कायदा चांगला, पण माणसंच नेमली नाहीत तर पोराकडे बघणार कोण?

तालुका_वकील
हे कोर्टात आम्हीही बोलत नाही. चूक आहे. 1 जुलै 2024 पासून नव्या भारतीय न्याय संहितेत पाच हजारांखालच्या पहिल्या चोरीला, माल किंवा किंमत परत केली तर, समाजसेवेची शिक्षा आहे. तिथेही लक्ष ठेवायला माणूस लागणारच.

किराणा_कोपरा
माझे अकरा हजार होते, मला ते लागू नाही. त्या पोराला जेलमध्येच सडवा असं मी म्हटलं नव्हतं. सांगलीवाल्या भाऊंचं वाचून वाईट वाटलं, तेवढं मान्य. पण बाँडच्या अटीत माझं शटर आणि माझे पैसे लिहा, मग बोलू. तोवर माझं कालचं मत तसंच आहे.