जेम्स वाँग, पाच काळ्या पट्ट्या आणि चालीवरचे शब्द

(सोसायटीचा 'संगीत कट्टा' ग्रुप)

बी-३०४: काल फिरलेल्या त्या चिनी गाण्याची चाल चक्क भूप राग आहे. ध प ग रे सा. मग ग रे सा ध प, यातले शेवटचे दोन मंद्र, म्हणजे खालच्या सप्तकातले. तिथूनच तिसरी ओळ चढते: प ध प ध सा रे ग प. म आणि नि नाहीतच.

सी-१०१: काका, स्वर भूपाचे म्हणा, भूप नको. सुरुवातच धैवतावरून आहे, म्हणजे झालाच तर देसकार जवळचा. पण ओढूनताणून राग कशाला लावायचा? चिनी संगीतातले मूळ पाच स्वर हेच. हे गाणं १९९० च्या 'स्वोर्ड्समन' सिनेमातलं. त्यासाठी हाँगकाँगच्या जेम्स वाँगने केलेल्या सहा चाली निर्माता त्सुई हार्कने नापास केल्या. मग वाँगला जुन्या संगीतग्रंथातलं वचन सापडलं, की थोर संगीत सोपंच असतं. त्याने ते पाच स्वर उलटे वाजवले, आणि पहिली ओळ तयार! कँटोनीजमध्ये, म्हणजे हाँगकाँगच्या चिनी बोलीत, ते सॅम हुईने गायलं.

ए-५०२: वाँग गीतकार ना? मग चाल कशी केली?

सी-१०१: दोन्ही करायचा, ताई. पण गाजला तो संगीतकार जोसेफ कूच्या चालींवर लिहिलेल्या शब्दांमुळे. 'बिलो द लायन रॉक' (१९७९, गायक रोमन टॅम), शांघायमध्ये घडणाऱ्या 'द बंड' मालिकेचं शीर्षकगीत (१९८०, फ्रान्सिस यिप), दोन्ही याच जोडीची. पहिलं तर २००२ मध्ये हाँगकाँगच्या अर्थसचिवांनी बजेटच्या भाषणात वापरलं. दुसऱ्यात नदीच्या उसळत्या लाटा आहेत. वाँगने तेव्हा शांघाय पाहिलंच नव्हतं आणि तिथल्या नदीला तशा लाटा नसतात, हे त्याला नंतर कळलं!

डी-२०३: शब्द लिहिणं तिथे जास्त अवघड आहे, ते सांगा की दादा. आपल्याकडे मीटर जमलं की निम्मं काम होतं.

सी-१०१: तेच लिहीत होतो. कँटोनीजमध्ये सहा सूर आहेत. अक्षर तेच, सूर बदलला की अर्थ बदलतो. चाल आधी तयार असते, त्यामुळे ती जिथे चढते तिथे आधीपेक्षा उंच सुराचाच शब्द हवा. यासाठी तिकडे आकड्यांची युक्ती आहे: ०, २, ४, ३. हे आकडे कँटोनीजमध्ये म्हटले की आवाज खालून वर चार पायऱ्या चढतो. चालीच्या प्रत्येक अक्षराखाली आकडा लिहायचा आणि त्या उंचीचा शब्द शोधायचा. उरलेले दोन सूर मुळातच चढते. ते जिथे संपतात ती उंची धरायची. उंची शेजारच्या अक्षराच्या तुलनेत मोजायची, पट्टी कुठलीही असो.

बी-३०४: आणि चुकलं तर?

सी-१०१: परदेशी चालींवर बसवलेल्या ख्रिस्ती भजनांत चुकलंच. 'प्रभू' आणि 'डुक्कर' दोन्हींचा उच्चार साधारण 'च्यू'. प्रभूचा सूर चढता, डुकराचा उंच आणि सपाट. चढता सूर सपाट ताणला की प्रभूचं डुक्कर होतं 😄

डी-२०३: बाकी वाँग नुसता गीतकार नव्हता. जन्म १९४१, ग्वांगचौ. १९४९ मध्ये हाँगकाँगला आला. शाळेत हार्मोनिका. जाहिरातीत होता, रेमी मार्टिन ब्रँडीची 'बाटली उघडली की चांगलं आपोआप येतं' ही ओळ त्याचीच. स्तंभलेखन, सिनेमात कामं, चावट विनोदांचं पुस्तक. शिवाय १९८९ पासून नी क्वांग आणि चुआ लाम या लेखकांबरोबर टीव्हीवर गप्पा. समोर दारू, हातात सिगरेट.

ए-५०२: आणि त्याने पीएचडीही केली ना? ती कुठे बसली यात?

डी-२०३: २००३, हाँगकाँग विद्यापीठ. विषय कँटोपॉपचा, म्हणजे कँटोनीज पॉप गाण्यांचा, उदय आणि ऱ्हास, १९४९ ते १९९७. स्वतःच्याच धंद्याचा इतिहास, तोही आतून लिहिलेला! मला तर गाण्यांइतकाच तो मोलाचा वाटतो. पुढच्याच वर्षी फुप्फुसाच्या कॅन्सरने गेला.

बी-३०४: पेटीवर बसवायचं असेल तर सा कुठे धरू?

सी-१०१: काळी तीन. रे काळी चार, ग काळी पाच, प पुढची काळी एक, ध काळी दोन. पाचही स्वर काळ्यांवरच येतात, बोट पांढऱ्यावर गेलं की चुकलं समजा. सा काळी एकवर धरलात तर गंधार पांढरा येईल. आणि लय ओढू नका, भाता मात्र भरलेला ठेवा. दुसऱ्या ओळीच्या मंद्र पंचमावरच हवा संपते.