मदत हवी आहे: खाद्यपरंपरेवरचा माहितीपट पाककृतीचा कार्यक्रम वाटतो आहे

प्रश्नकर्ती: एका समाजाच्या खाद्यपरंपरेवर आणि त्यातून टिकणाऱ्या ओळखीवर मी माहितीपट करते आहे. कच्चे संकलन झाले आहे, परंतु ते पाहताना केवळ पाककृतीचे प्रात्यक्षिक पाहिल्यासारखे वाटते. दहा दिवसांत अंतिम प्रत द्यायची आहे. निवेदन घालून हे सावरता येईल का? कृपया लवकर सांगावे.

संकलक: लांबी किती, एकूण चित्रण किती, मुलाखती स्वयंपाक चालू असताना घेतल्या की नंतर, यांपैकी काहीच आपण लिहिलेले नाही.

प्रश्नकर्ती: लांबी २५ मिनिटे, चित्रण सुमारे ३० तास. आजी स्वयंपाक करतानाच बोलल्या आहेत, मात्र कढईच्या चरचरीत त्यांचे निम्मे शब्द बुडाले आहेत.

छायालेखक: वीज ५० हर्ट्झची असेल तर २५ फ्रेम आणि १/५० शटर ठेवावे, म्हणजे दिव्यांची लुकलुक येत नाही. वाफेच्या मागून उजेड सोडला तरच ती पडद्यावर उठून दिसते.

प्रश्नकर्ती: आभारी आहे, पण चित्रांबद्दल माझी तक्रार नाही.

ध्वनिवेडा: निवेदन नकोच. कॅमेरा घरी ठेवून फक्त ध्वनिमुद्रक न्यावा आणि स्वयंपाक आटोपल्यावर आजींना निवांत बोलू द्यावे. निघताना त्या खोलीची ३० सेकंदांची शांतताही मुद्रित करून आणावी. संकलनात सांधे बुजवायला तीच उपयोगी पडते.

अभ्यासक: मी असहमत आहे. संदर्भ दिल्याखेरीज ओळखीचा प्रश्न प्रेक्षकाला कळणार नाही. युनेस्कोचा अमूर्त वारशाचा, म्हणजे परंपरा, कला, कौशल्ये अशा वारशाचा, करार २००३ चा आहे. त्याच्या यादीत २०२० मध्ये कुसकुस या रव्याच्या पदार्थाची नोंद अल्जेरिया, मॉरिटानिया, मोरोक्को आणि ट्युनिशिया यांनी संयुक्तपणे करून घेतली. एक पदार्थ चार देश आपला मानतात, हे निवेदनाशिवाय कसे सांगणार?

संकलक: ती माहिती मोलाची आहे, पण त्या घरातली नाही. मला वेगळेच विचारायचे आहे: आपण दाखवलेला स्वयंपाक त्या घरात रोज असाच होतो का?

प्रश्नकर्ती: रोज गॅसवर होतो. परंपरा दिसावी म्हणून आम्ही अंगणात चूल मांडायला लावली आणि जुनी भांडी माळ्यावरून काढायला सांगितली. हे लिहायला हवे होते, हे लक्षात आले नाही.

संकलक: मग अडचण तिथेच आहे. १९२२ च्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ या माहितीपटात दिग्दर्शक रॉबर्ट फ्लाहर्टी यांनी बंदुका वापरणाऱ्या, आर्क्टिक प्रदेशातील इन्युइट शिकाऱ्यांना भाल्याने वॉलरसची शिकार करायला लावले होते, आणि त्यावरचा वाद अजून मिटलेला नाही. ज्यांची ओळख आपण शोधतो आहोत, त्यांचा आजचा दिवसच आपण चौकटीबाहेर ठेवतो.

अभ्यासक: पुनर्निर्मिती मुळातच गैर नाही; ती पुनर्निर्मिती आहे हे प्रेक्षकाला सांगितले पाहिजे, आणि त्यासाठी निवेदनाचे एक वाक्य पुरेसे आहे.

ध्वनिवेडा: ते वाक्य आजींच्याच तोंडून यावे.

प्रश्नकर्ती: टाकून दिलेले चित्रण आज पुन्हा पाहिले. एका ठिकाणी कढई उतू जाऊ लागते आणि आच कमी करण्यासाठी आजींचा उजवा हात सवयीने चुलीच्या कडेशी गॅसची कळ शोधतो. मग त्या हसतात आणि म्हणतात, “इथे काय फिरवू?” चूक समजून मी ते कापले होते.

संकलक: ते चित्रण किती सेकंदांचे आहे?

प्रश्नकर्ती: चौदा. आवाजही स्वच्छ आहे.

संकलक: सुरुवात तिथून करून पाहा. निवेदनाचे नंतर ठरवू.