योसेफ ते तांबडा समुद्र : वर्गात दाखवायला कोणती मालिका घ्यावी?

वाचनवर्ग : योसेफापासून तांबड्या समुद्रापर्यंतची बायबलमधली इस्राएल लोकांची गोष्ट तरुणांच्या वर्गाला दाखवायची आहे. आठवड्याला एक तास मिळतो. ब्राझीलची ‘टेन कमांडमेंट्स’ बरी की 2013ची ‘द बायबल’?

एजोब : ब्राझीलची नको. रेकॉर्ड वाहिनीवर 2015 साली तिचं पहिलं पर्वच 176 भागांचं झालं, आणि एवढे भाग भरायला राजवाड्यातली कारस्थानं रचावी लागली. इस्राएलांचा पुढारी मोशे आणि मालिकेतला फारो (इजिप्तचा राजा) रामसेस, दोघांचाही जीव नेफरतारी नावाच्या स्त्रीवर, हा अख्खा धागा बायबलबाहेरचा. बायबलच्या निर्गम या पुस्तकात फारोला नावच दिलेलं नाही. 1:11 मध्ये रामसेस येतं ते इस्राएलांकडून बांधून घेतलेल्या नगराचं नाव म्हणून. फारोची मुलगीही तिथे निनावी आहे, मालिकेत ती हेनुतमिरे झाली. इजिप्तवर देवाने आणलेल्या पीडांना मात्र या लांबीचा फायदा मिळालाय. फारो कबूल होतो, पीडा टळली की फिरतो, हे पुन्हापुन्हा घडताना नीट दिसतं. तेवढे निवडक तुकडे जरूर दाखवा.

जुनाकरार : ‘द बायबल’चे 10 भाग, प्रत्येकी पाऊण तासाच्या आसपास, म्हणजे तासात बसतात. पण अडचण तुमच्या सुरुवातीलाच आहे. त्यात अब्राहाम-इसहाकानंतर गोष्ट थेट मोशेवर येते, योसेफ गाळलाय. त्यासाठी 1995ची ‘जोसेफ’ घ्या. ती सुमारे तीन तासांची आहे, चार बैठकांत विभागा आणि सोबत बायबलच्या उत्पत्ती पुस्तकाचे अध्याय 37 व 39 ते 50 वाचा. तिला जोडून त्याच मालिकासंचातली ‘मोझेस’ मात्र लावू नका. पहिलीत योसेफाचा मालक पोटीफर झालेले बेन किंग्जलीच दुसरीत मोशे आहेत, मुलांचा गोंधळ उडेल. मोशेसाठी ‘द बायबल’च ठेवा. हिंसा बरीच आहे, वर्गात लहान मुलं असतील तर आधी स्वतः पाहून घ्या.

वाचनवर्ग : वाचन आधी की नंतर?

एजोब : वल्हांडण (इजिप्तमधून सुटकेच्या रात्रीचा सण) आणि समुद्र, दोन्ही दृश्यांच्या आधी. निर्गम 12:22 मध्ये एजोब या झुडपाची जुडी पात्रातल्या रक्तात बुडवून दाराची कपाळपट्टी आणि दोन्ही बाह्यांना लावायला सांगितलंय. हे वाचलेलं असलं की दाराच्या दृश्यात काय पाहायचं ते मुलांना कळतं. समुद्राचं तर फारच महत्त्वाचं. पडद्यावर तो बहुधा काही क्षणांत दुभंगतो. 14:21 मध्ये मात्र पूर्वेचा जोराचा वारा रात्रभर वाहतो. ती अख्खी रात्र पडद्यावर सापडत नाही, म्हणून तिथे थांबून 14:19 ते 22 मोठ्याने वाचा आणि मगच पुढे चालू करा.