एशर चित्रकार होता की नुसता कोडी घालणारा?

काळी शाई: डच कलावंत एम. सी. एशरबद्दल काल इथे वाचलं, "एशर म्हणजे पोस्टरवरची कोडी. भूमिती काढून घेतली तर काही उरत नाही." रात्रभर डोक्यातून गेलं नाही. मी स्वतः वुडकट करतो, म्हणजे लाकडात कोरून त्यावरून छापायची चित्रं. एशरचं १९३८ चं वुडकट 'दिवस आणि रात्र' नीट बघा. डावीकडे उजेडातलं गाव, उजवीकडे तेच गाव अंधारात, आणि मधली शेतं वर सरकता सरकता पक्षी होतात. काळे उजेडाकडे उडतात, पांढरे अंधाराकडे. दोन ठोकळे, एक काळ्या शाईचा, एक करड्या. कागदावर हाडाचा चमचा घासून तो ठसा उठवायचा. पटाशी केसभर घसरली की चोच गेली. लाकडात खोडरबर चालत नाही हो!

चौकट मोडा: ते मीच लिहिलं होतं आणि मागे घेत नाही. कसब आहे, नाही कोण म्हणतंय? पण त्याला माणसाशी देणंघेणं नाही. १९६० च्या त्याच्या चित्रात कधीच न संपणाऱ्या जिन्यावरचे भिक्षू नुसते फिरतात. 'धबधबा' या चित्रातलं पाणी पुन्हा वर कसं पोचलं ते कळलं की चित्र संपलं. आणि हे परवडलं कसं? वडील मोठे इंजिनियर. लग्न होऊन मुलं झाली तरी घरून पैसे येत होते.

पहाटेची लोकल: घरून पैसे आले हा काय गुन्हा आहे? मी अप्लाइड आर्ट दोन वर्षांत सोडलं, कारण घरात एकच पगार होता. बाबा रात्रपाळ्या करून "शीक" म्हणत होते, मलाच ते बघवेना. एशरला आधार मिळाला आणि त्याने तो वाया घालवला नाही, याचं मला बरंच वाटतं.

चौकट मोडा: तुम्हाला वाटत असेल. माझा भाऊ मूर्तिकार आहे. गणपतीचे चार महिने सोडले तर हाताला काम नाही. त्याला कोण पोसणार? पोसलेल्यांचंच कौतुक ऐकून कान किटलेत.

भूमिती मास्तर: भावाचं वाईट वाटतं, पण तो राग एशरवर कशाला काढता? एशर शाळेत गणितात कच्चा होता. १९३६ मध्ये बायकोबरोबर स्पेनमधल्या अल्हंब्रा राजवाड्यात बसून भिंतींवरच्या फरशांच्या नकला काढल्या, त्यातून हे सगळं उगवलं. १९५४ मध्ये अ‍ॅमस्टरडॅमला गणितज्ञांची परिषद भरली तेव्हा गणितवालेच त्याच्या प्रदर्शनाला गेले. हेगच्या संग्रहालयाने मोठं प्रदर्शन भरवलं तेव्हा तो सत्तरीचा होता!

काळी शाई: आणि जिन्याचं चित्र पुन्हा उघडा. खाली पायरीवर एकजण वेगळा बसलाय, दुसरा गच्चीतून वर बघत उभा आहे. दोघांनी फिरायला नकार दिलाय. माणसाशी देणंघेणं नाही म्हणता? त्याचे गुरू दे मेस्किता ज्यू होते. १९४४ मध्ये नाझींनी त्यांना उचललं आणि आउशवित्झच्या छळछावणीत मारलं. एशर गुरूंच्या घरी पोचला तेव्हा त्यांची चित्रं जमिनीवर विखुरलेली. जमली तेवढी त्याने वाचवली, आणि बुटाचा ठसा उमटलेलं एक जन्मभर जपलं.

चौकट मोडा: बुटाच्या ठशाचं मला ठाऊक नव्हतं. पायरीवरचा माणूसही सापडला. तेवढं तुमचं खरं. 'धबधब्या'बद्दल माझं मत तेच.

पहाटेची लोकल: भाऊ लाकडात काम करतात का? आमच्या गल्लीतल्या विठ्ठल मंदिराच्या दाराचं कोरीव काम करून घ्यायचंय.

चौकट मोडा: करतो. निरोप पाठवतो.