पोक्सो (अल्पवयीन मुलांवरील लैंगिक अत्याचाराचा कायदा) केसमध्ये आरोपीचा जामीन अर्ज: सुनावणीला आपल्याला बोलता येतं का? (मदत हवी आहे)

बालाघाटकर: भाचीच्या केसमधी आरोपीनं जामिनाला टाकलंय. सोमवारी तारीख आहे. ठाण्यातून फोन आला, "कोर्टात हजर राहा", एवढंच बोलले. खाजगी वकील लावावा लागतो का? गेलो नाही तर काय होतं? सरकारी वकील फोन उचलत नाहीत. लवकर सांगा, वेळ नाही.

वकील_परभणी: मुलीचं वय किती? कलमं कोणती लागलीत? फिर्याद कोणी दिली? दोषारोपपत्र गेलं का? यातलं काहीच लिहिलं नाही तुम्ही.

मांजराकाठ: पोक्सोत जामीन होतच नाही. निवांत राहा.

वकील_परभणी: असं सांगून कुणाला गाफील ठेवू नका. पोक्सोतही जामीन होतो. मुलीचं वय, आरोपीचं वय, दोघांतलं अंतर, जबरदस्ती होती का, वैद्यकीय अहवाल, मॅजिस्ट्रेटसमोरचा जबाब, आरोपी पळून जाईल का, साक्षीदारांना दमदाटी करेल का, हे सगळं कोर्ट बघतं. गुन्हा शाबीत झाला की नाही, हे त्या दिवशी ठरत नसतं.

बालाघाटकर: नववीत आहे. पंधरावं चालू. फिर्याद तिच्या आजीनं दिली. गाव आमचं ...

संपादक: गावाचं आणि शाळेचं नाव काढलं आहे. मुलीची ओळख पटेल असं काहीही इथं लिहू नका. भारतीय न्याय संहितेचं कलम ७२ आणि पोक्सोचं कलम २३ त्यासाठीच आहे.

तेरणाकाठ: साठ दिवसांत चार्जशीट (दोषारोपपत्र) नाही गेली तर आरोपी आपोआप सुटतो. आमच्याकडं तसंच झालं.

वकील_परभणी: इथं साठ नाही, नव्वद. दहा वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्याला नव्वद दिवस लागू होतात. दोन महिन्यांत तपास संपवायचा, हे पोलिसांवरचं बंधन वेगळं. आणि नव्वद दिवस झाले तरी आरोपीला तसा अर्ज करावा लागतो.

तेरणाकाठ: आमच्या वकिलांनी साठच सांगितले होते.

वकील_परभणी: तुमच्याकडं कलम वेगळं असेल. बालाघाटकर, सोळाच्या आतल्या मुलीवर बलात्काराचा गुन्हा असेल तर न्याय संहितेचं कलम ६५ लागतं. तसं असेल तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८३ प्रमाणं जामिनाच्या सुनावणीला फिर्यादी किंवा तिनं अधिकार दिलेली व्यक्ती हजर असावीच लागते. फोन त्यासाठीच आला असणार. आजीला जमत नसेल तर त्यांच्या सहीचं पत्र घेऊन तुम्ही जा. मुलीच्या कुटुंबाला जामिनाची खबर मिळालीच पाहिजे, असं मुंबई उच्च न्यायालयानं २०२१ मध्ये बजावलंय. लखीमपूर खेरीच्या (शेतकऱ्यांना गाडीखाली चिरडल्याच्या) केसच्या निकालात २०२२ साली सुप्रीम कोर्टानं पीडिताला प्रत्येक टप्प्यावर म्हणणं मांडायचा हक्क आहे, असं सांगितलंय.

गोदातीर: अत्याचार झालेल्या महिला-मुलांसाठीच्या सरकारी मनोधैर्य योजनेतून पैशाची मदत मिळते, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडं अर्ज करा.

मांजराकाठ: ते पैशाचं विचारत नाहीत हो, जामिनाचं विचारतायत.

गोदातीर: त्याच ऑफिसात फुकट वकीलही मिळतो, म्हणून सांगितलं.

ताई_जालना: मुलीचे आईवडील कुठं आहेत? आजीच का?

बालाघाटकर: तिचे आईवडील, म्हणजे माझी बहीण आणि दाजी, कोयत्यावर (ऊसतोडीला) गेलेत, दसऱ्यानंतर. मुकादम (मजूर नेणारा ठेकेदार) सोडत नाही, उचल (आगाऊ घेतलेले पैसे) फेडल्याशिवाय गावी जायचं नाही म्हणतो. आरोपी मुकादमाचा पुतण्या आहे.

ताई_जालना: अहो दादा, हे आधी सांगायचं ना!

वकील_परभणी: सगळ्यात मोठा मुद्दा हाच आहे. आरोपीच्या घरच्यांच्या हातात मुलीच्या आईवडिलांची उचल आणि मजुरी आहे. दबावाची शक्यता यापेक्षा स्पष्ट कशी मांडणार? कोणी काही बोललंय का घरी येऊन?

बालाघाटकर: मागच्या आठवड्यात दोघं आले होते. पोरीचं लग्न त्याच्याशीच लावून देऊ, उचल माफ करू, केस काढा म्हणले. आजी ओट्यावरूनच ओरडली, तसे गेले.

तेरणाकाठ: लग्न लावलं की जामीन मिळतो, बघितलंय मी.

ताई_जालना: पंधरा वर्षांच्या पोरीचं लग्न? दादा, ऐकू नका.

वकील_परभणी: जामीन देताना लग्नाचा किंवा तडजोडीचा विषय कोर्टानं काढायचाच नाही, असं सुप्रीम कोर्टानं २०२१ मध्ये सांगितलंय. आरोपीची पीडितेशी गाठ पडेल अशी अटही घालायची नाही. तुम्ही एक करा: कोण आलं, कधी आलं, काय बोललं, ऐकणारं कोण होतं, हे आजीच्या सहीनं साध्या शब्दांत लिहा. जामीन झालाच तर गावाबाहेर राहण्याची आणि संपर्क न करण्याची अट मागा. अट मोडली तर जामीन रद्द करायला अर्ज करता येतो.

गोदातीर: संत भगवानबाबा वसतिगृहात घाला पोरीला, ऊसतोडवाल्यांच्या लेकरांसाठीच आहे ते. पुढच्या हंगामात पुन्हा आजीकडं एकटी राहील नाहीतर.

मांजराकाठ: सगळ्या तालुक्यांत कुठंय ते वसतिगृह? वेगळा धागा काढा.

बालाघाटकर: दाजीला कळवलं, रात्रीच्या गाडीनं निघतेत. हे लिहून ठाण्यात द्यायचं का थेट कोर्टात?

वकील_परभणी: आधी ठाण्यात द्या, शिक्क्याची पोच घ्या. दुसरी प्रत सरकारी वकिलांना, ते आपल्या 'से'सोबत (जामीन अर्जावरच्या लेखी म्हणण्यासोबत) जोडतील. फोन लागत नसेल तर सोमवारी कोर्ट उघडायच्या आधी त्यांच्या खोलीबाहेर थांबा. तिसरी प्रत स्वतःजवळ ठेवा. शाळेचा जन्मतारखेचा दाखलाही घ्या.