मदत हवी आहे: लिंबाच्या तिरामिसूचं क्रीम फुटलं, उद्या रात्री पाहुणे आहेत

पावसाळी_छत्री (शुक्रवार, रात्री ९.२०)
तातडीने मदत हवी आहे. लिंबाचं तिरामिसू (बिस्किटं आणि क्रीमच्या थरांचं इटालियन गोड) करत होते. क्रीममध्ये लिंबाचा रस घालून फेटलं तर ते पातळ झालं. घट्ट व्हावं म्हणून अजून फेटलं तर रवाळ झालं आणि खाली पाणी सुटलं. आता एकच डबा उरलाय. उद्या रात्री दहा माणसं जेवायला आहेत. कॉफीचं नकोय, लिंबाचंच करायचंय. रस घालूनही क्रीम घट्ट कसं ठेवायचं एवढंच सांगा. 'नेटवर शोधा' म्हणू नका, तिथूनच इथे आलेय.

मुदपाकखाना (९.३१)
क्रीम म्हणजे कोणतं? साधं फ्रेश क्रीम, व्हिपिंग क्रीम की मस्कारपोने (क्रीमपासूनचं मऊ इटालियन चीज)? रस किती होता? लिंबू कुठलं? फेटलं कशाने?

पावसाळी_छत्री (९.३४)
मस्कारपोनेच हो, तिरामिसू म्हटल्यावर अजून काय असणार! २५० ग्रॅमचा डबा, चार लिंबांचा रस, पिठीसाखर. आपलं नेहमीचं लिंबू. इलेक्ट्रिक बीटरने फेटलं, फुल स्पीडवर.

अडकित्ता (९.४०)
दुधात लिंबू पिळलं की ते नासणारच, यात नवल ते काय? सरळ चक्का बांधा. रात्रभर टांगून ठेवलात तर सकाळी तयार. त्यात साखर, किसलेली साल, चिमूटभर वेलची. आंबटपणा मुळातच असतो, फाटायची भीती नाही. शंभर रुपयांत काम होतं. आमच्याकडे सगळ्यांना आवडतं.

पावसाळी_छत्री (९.४२)
ते श्रीखंड झालं काका.

अडकित्ता (९.४३)
मग वाईट काय आहे त्यात?

नळी_फुंकली (९.५५)
लिंबामुळे नासलं हे अर्धसत्य आहे. मस्कारपोने मुळात आम्लानेच जमवतात: क्रीम ८५ ते ९० अंशांपर्यंत तापवायचं, सायट्रिक किंवा टार्टारिक आम्ल घालायचं, जमलं की कापडात निथळायचं. विरजण लागत नाही, रेनेट (चीज जमवायचं एंझाइम) लागत नाही. म्हणजे त्यातली प्रथिनं आम्ल आणि उष्णता दोन्ही आधीच सोसून आलेली असतात. नासायचं ते नासून झालंय.

तुमच्याकडे झालं ते वेगळं. मस्कारपोनेत ४० टक्क्यांच्या वर स्निग्धांश असतो. चार लिंबांचा रस म्हणजे अर्धी-पाऊण वाटी पाणी, त्याने ते सैल पडलं. सैल पडलं म्हणून तुम्ही फुल स्पीडवर फेटलं, तेव्हा स्निग्धांशाचे कण एकमेकांना चिकटले आणि पाणी बाहेर पडलं. थोडक्यात, तुम्ही लोणी काढलंत. दोष रसापेक्षा बीटरचा जास्त.

पावसाळी_छत्री (९.५८)
बरं, पण उरलेल्या डब्याचं काय करू ते सांगा ना.

पाडोवाकर (१०.२०)
इथे इटलीत, व्हेनेतो प्रांतात राहतो, म्हणून लिहायचा हक्क आहे असं समजतो. आमच्यापासून जवळच ट्रेव्हिझो, तिथल्या 'ले बेक्केरिए' या रेस्टॉरंटमध्ये १९७०च्या सुमाराला तिरामिसू मेनूवर आलं. (शेजारच्या फ्रिउली प्रांतातले लोक त्यांच्या तोल्मेझ्झो गावातल्या हॉटेलचा दाखला देऊन ते आपलं म्हणतात, आणि २०१७मध्ये सरकारी पारंपरिक पदार्थांच्या यादीत ते फ्रिउलीच्या नावावर लागलंसुद्धा. इकडे तो विषय जेवताना काढू नये.) मूळ कृतीत १ किलो मस्कारपोनेला १२ बलक आणि अर्धा किलो साखर, बस. व्हिपिंग क्रीम नाही.

लिंबाचं करायचं तर पद्धत अशी: बलक आणि साखर गरम पाण्याच्या भांड्यावर धरून फेसाळ होईपर्यंत फेटा, त्यात लिमोनचेल्लो (लिंबाची गोड इटालियन दारू) घाला, गार करा, मग मस्कारपोने हाताने मिसळा. सावोयार्दी बिस्किटं लिमोनचेल्लो आणि साखरेच्या पाकात बुडवून काढा. क्रीममध्ये रस नाहीच, फक्त किसलेली साल. सालीत सुगंधी तेल असतं, खरा लिंबाचा वास तिथला. उन्हाळ्यात इकडे घरोघरी असंच करतात. आणि लिंबं सोरेंतो किंवा अमाल्फीचीच पाहिजेत, जाड सालीची.

पावसाळी_छत्री (१०.२४)
अंडं चालणार नाही. सासूबाई आणि त्यांच्या दोन्ही बहिणी येणार आहेत. दारूही नाही, मुलं आहेत. आणि अमाल्फी पुण्यात कुठे आणू?

पाडोवाकर (१०.२७)
हे आधी लिहिलं असतं तर माझी पंधरा मिनिटं वाचली असती.

मुदपाकखाना (१०.३०)
छत्री, अंडं चालत नाही तर बिस्किटांचं काय? सावोयार्दीत अंडं असतंच, निम्मी रचना त्याच्यावरच उभी असते. पाकिटावर हिरवी खूण आहे की तपकिरी ते बघ.

पावसाळी_छत्री (१०.३३)
तपकिरी. दोन पाकिटं आहेत. आता?

गोडबोल्या (१०.३६)
मारी बिस्किटं. सुटला प्रश्न.

अडकित्ता (१०.३८)
बेकरीचा साधा टोस्ट घ्या, मारीचा लगदा होतो. आणि चक्क्याचा विचार करा.

विदर्भ_एक्सप्रेस (१०.४५)
लिंबाचा एवढा हट्ट कशाला? नागपुरी संत्र्याचं करा. संत्र्यात आम्ल कमी, फुटायचा त्रास नाही, वर सालीचा वास काय येतो! कॉफीशीही जमतं. संत्र्याची साल घालून कॉफी उकळा आणि त्यात बिस्किटं बुडवा. एकदा कराल तर लिंबाकडे वळून बघणार नाही.

नळी_फुंकली (१०.४९)
आम्ल कमी, पण पाणी तेवढंच. संत्र्याच्या रसाची चव क्रीममध्ये दिसतच नाही. रस आटवून एकतृतीयांश करावा लागतो, आणि आटवला की ताजेपणा जाऊन शिजल्यासारखा लागतो. साल ठीक.

विदर्भ_एक्सप्रेस (१०.५२)
तुम्ही आंबिया बहाराची संत्री खाल्ली असतील. दिवाळीच्या आसपास येतात ती. मृग बहाराची खा, फेब्रुवारी-मार्चची. मग बोलू.

पावसाळी_छत्री (१०.५३)
लिंबाचं. करायचंय. प्लीज.

क्रीमरोल (१०.५८)
नॉन-डेअरी व्हिपिंग क्रीम आणा, डबाबंद मिळतं. त्यात लिंबू काय, चिंच पिळली तरी हलत नाही. मी ऑर्डरच्या केकना तेच वापरते. पुण्याच्या गरमीत दोन तास टेबलावर उभं राहतं.

मुदपाकखाना (११.०२)
उभं राहतं कारण ते वनस्पती तेल आणि स्टॅबिलायझर आहे. खाऊन झाल्यावर टाळूला मेणासारखा थर उरतो. एवढं महागाचं मस्कारपोने आणून त्यात ते मिसळणार?

क्रीमरोल (११.०५)
ऑर्डरवाल्यांनी अजून तक्रार केलेली नाही.

मुदपाकखाना (११.२०)
छत्री, नीट सांगते. अंडं, दारू, जिलेटिन काही लागणार नाही. आंबटपणा क्रीममध्ये घालायचाच नाही, दोन वेगळ्या जागी ठेवायचा: पाकात आणि मधल्या लिंबाच्या थरात.

मधला थर आजच करून ठेव. २०० मिली पाणी, १२० ग्रॅम साखर, २५ ग्रॅम कॉर्नफ्लोअर, चिमूटभर मीठ. गार पाण्यातच कॉर्नफ्लोअर कालवून मग गॅसवर ठेव, सतत ढवळत. चांगलं उकळून घट्ट आणि चकचकीत झालं की गॅस बंद. मग ८० मिली लिंबाचा रस, साल आणि ४० ग्रॅम लोणी. रस घालून उकळायचं नाही, आम्लासोबत उकळलं की कॉर्नफ्लोअरची पकड जाते आणि सगळं परत पातळ. ॲल्युमिनियमचं पातेलं नको, धातूची चव उतरते. स्टील घे. पृष्ठभागाला चिकटून क्लिंग फिल्म लाव म्हणजे साय धरणार नाही.

पाक: २०० मिली पाणी, ८० ग्रॅम साखर, चार-पाच लिंबांच्या सालीच्या पट्ट्या. एक उकळी आणून झाकून ठेव, पूर्ण गार झाल्यावर दोन चमचे रस.

क्रीम: २५० ग्रॅम दहा जणांना पुरणार नाही. २५० मिली खरं डेअरी व्हिपिंग क्रीम आण, ३५ टक्क्यांच्या आसपास फॅट बघून. ते आधी एकटं फेट, मऊ शेंडे येईपर्यंतच (बीटर उचलला की क्रीमचं टोक उभं राहून वाकतं तेवढंच). मस्कारपोने दुसऱ्या भांड्यात साखर आणि सालीबरोबर चमच्याने नुसतं सैल कर, बीटर लावूच नकोस. मग दोन्ही हलक्या हाताने एकत्र.

नळी_फुंकली (११.२८)
वेगळा थर कशाला? तेच लिंबाचं मिश्रण गार करून क्रीममध्ये फोल्ड केलं तर चव सगळीकडे जाते. स्टार्चने पाणी धरून ठेवलेलं असतं, क्रीम फुटणार नाही.

मुदपाकखाना (११.३१)
फुटणार नाही, पण सैल होईल. कापताना वडी पडली पाहिजे ना. आणि थर वेगळा असला की एका घासात आंबट, एका घासात गोड असं येतं. सगळं मिसळलं की सरसकट लिंबू पुडिंग.

नळी_फुंकली (११.३३)
दहा माणसांसाठी वाट्यांतच लावायचं, वड्या कशाला पाडायच्या?

पावसाळी_छत्री (११.३५)
काचेचा चौकोनी ट्रे आहे. वड्याच. मुदपाकखाना, खूप आभार. साल किती? नेटवरच्या कृतीत 'तीन लिंबांची साल' होतं.

पाडोवाकर (११.४०)
ते पिवळ्या इटालियन लिंबाचं प्रमाण. तुमचं कागदी लिंबू लहान, साल पातळ, आणि वास जास्त तिखट. पाच-सहा लिंबं घ्या, पण किसणीवर एकदाच हलकं फिरवा. पातळ सालीखाली लगेच पांढरा भाग लागतो आणि तो कडू. किसलेली साल साखरेत बोटांनी चोळून दहा मिनिटं ठेवा, तेल साखरेत उतरतं. भाजीवाल्याकडे ईडलिंबू मिळालं तर साल त्याची घ्या आणि रस कागदीचा. आणि हो, दारू नाही म्हणून वाईट वाटून घेऊ नका. ट्रेव्हिझोच्या मूळ कृतीतही नव्हती, मुलं आणि म्हातारी माणसं खातात म्हणून.

पावसाळी_छत्री (११.४४)
सासूबाईंना ही ओळ दाखवते.

गोडबोल्या (११.५०)
थर पिवळा दिसायला चिमूटभर हळद घाला. अंडं नाही म्हणजे पांढराफटक होईल.

अडकित्ता (११.५२)
हळद!! केशर म्हणा निदान.

क्रीमरोल (११.५३)
केशर घातलं की पुन्हा श्रीखंडच की, काका.

मुदपाकखाना (११.५८)
हळद सुईच्या टोकावर राहील एवढीच, आणि कॉर्नफ्लोअरबरोबर शिजवायची. कच्ची घातली तर वास येतो. नाही घातली तरी बिघडत नाही.

पावसाळी_छत्री (शनिवार, सकाळी ८.१०)
लिंबाचा थर रात्रीच केला, मस्त जमलाय, चमचा उभा राहतो. दुकान उघडलं की व्हिपिंग क्रीम आणते. मारी की टोस्ट ते नक्की सांगा. आणि पहिल्या फुटलेल्या डब्याचं काही करता येईल का? फ्रीजमध्ये ठेवलाय, फेकवत नाहीये.

मुदपाकखाना (८.२५)
मारी. पाकात टाकली की लगेच बाहेर, मोजत बसू नकोस. टोस्ट जास्त पाक पितो, आणि काही बेकऱ्यांत त्यात जिरं किंवा वेलची असते. तीन थर मारी, दोन थर लिंबू. दुपारी बाराच्या आत लावून फ्रीजमध्ये टाक, रात्रीपर्यंत आठ-नऊ तास तरी मिळायला हवेत. झाकण घट्ट. आत कालचं भरीत वगैरे असेल तर ते आधी बाहेर काढ, क्रीमला वास पटकन लागतो.

नळी_फुंकली (८.३३)
फुटलेलं: सुटलेलं पाणी ओतून टाका, भांडं कोमट पाण्यात धरून चमच्याने ढवळा, सैल आणि गुळगुळीत होतंय का बघा. झालं तरी या तिरामिसूत घालू नका, त्यात चार लिंबांचा रस आहे. साखर नसती तर पास्त्यात मिरपूड घालून संपलं असतं. आता रव्याच्या केकमध्ये लोणी आणि दह्याच्या जागी घाला. आंबट आहे, तर खायचा सोडा छान फुलेल.

पावसाळी_छत्री (८.४०)
वर काय भुरभुरवू? कोको?

पाडोवाकर (१०.१५, इकडे पहाट आहे)
कोको नको, लिंबाला झाकून टाकतो. पिस्त्याची भरड, किंवा पांढरं चॉकलेट किसून. साल वाढायच्या वेळीच टाका, आधी टाकली तर सुकते.

विदर्भ_एक्सप्रेस (१०.३०)
संत्र्याच्या सालीचा मुरंबा बारीक चिरून टाका वर. निदान तेवढं तरी.

खाऊगल्ली_४११ (११.०५)
सगळा धागा वाचला. पुण्यात मस्कारपोने नक्की कुठे मिळतं आणि काय भावाने?