सेलरीला दांड्यांआधी फुलोरा का येतो

कॅनडातल्या थंड कॅल्गरीत तुमच्या सेलरीला दांडे भरण्याआधीच फुलोरा आला, त्यात बियाण्याचा दोष नसावा, थंडीचा असावा. कोवळी रोपं दहाएक दिवस १३ अंशांखाली राहिली, की हिवाळा उलटला असं समजून ती बी धरायच्या मागे लागतात. म्हणून रोपं काटक करायला गार हवेत ठेवू नका, पाणी थोडं कमी करा, आणि बाहेर लावा ती जूनमध्येच. बी मात्र मार्चच्या सुरुवातीला घरात पेरायलाच हवं. वर माती टाकू नका, त्याला उगवायला उजेड लागतो. दोन-तीन आठवडे धीर धरा. 'टँगो' ही जात लवकर तयार होते, तुमच्याकडे तीच घ्या. वाफ्यात कुजलेलं कंपोस्ट भरपूर घाला आणि गवताचं आच्छादन करा, कारण मुळं उथळ असतात, ओल तुटली की दांडे चिवट आणि कडू होतात.